काळवंचना : चांगदेव आख्यानातील काळस्थगितीची कल्पना आणि तिचे नीतिशास्त्र – एक ऐतिहासिक अभ्यास

प्रस्तावना :

काळ थांबविता आला तर काय होईल, हा प्रश्न सामान्यतः विज्ञानकथेच्या प्रांतातला मानला जातो. इंग्रजी लेखक एच. जी. वेल्स यांनी १८९५ मध्ये 'द टाइम मशीन' ही कादंबरी लिहिली. १९०१ च्या 'द न्यू ॲक्सिलरेटर' या कथेत त्यांनी एका अर्काची कल्पना केली. हा अर्क घेणाऱ्याची गती इतकी वाढते की त्याला भोवतालचे सारे जग जागच्या जागी थिजल्यासारखे दिसते. काळ स्थगित करणारे तंत्र आणि ते हाती आलेल्या मनुष्याचे वर्तन या विषयावरील आधुनिक चर्चा बहुधा अशा कथांपासून सुरू होते. त्यामुळे हा विषय आपल्याकडे उसना आला, असा समज रूढ झालेला दिसतो.

मराठीत मात्र या कल्पनेसाठी एक स्वतंत्र आणि जुना शब्द आहे, तो म्हणजे 'काळवंचना'. काळाला, म्हणजेच मृत्यूला, योगसामर्थ्याने फसविणे, त्याची वेळ चुकविणे असा त्याचा अर्थ. हा शब्द ज्या सिद्धपुरुषाच्या नावाशी कायमचा जोडला गेला, ते चांगदेव चौदाशे वर्षे जगले अशी महाराष्ट्रात श्रद्धा आहे. चांगदेवांचे आख्यान चमत्कारकथा म्हणून शेकडो वेळा सांगितले गेले. एका काल्पनिक तंत्राविषयी आणि त्याच्या नैतिक मर्यादांविषयी समाजाने केलेला विचार म्हणून त्याच्याकडे क्वचितच पाहिले गेले. प्रस्तुत शोधनिबंधात तसा प्रयत्न केला आहे.

हा विषय हिंगोली जिल्ह्यातून मांडण्यास एक औचित्यही आहे. १ मे १९९९ रोजी परभणी जिल्ह्यातून वेगळ्या झालेल्या या जिल्ह्यातील नर्सी हे गाव संत नामदेवांचे जन्मस्थान मानले जाते. ज्ञानदेवादी भावंडांचे चरित्र सांगणाऱ्या 'आदि', 'तीर्थावळी' आणि 'समाधी' या प्रकरणांचे कर्तृत्व परंपरेने नामदेवांकडेच दिले आहे. याच जिल्ह्यातील औंढा नागनाथ येथे नामदेवांना विसोबा खेचरांकडून बोध झाला, अशी परंपरा आहे. चांगदेवांच्या कथेचा नैतिक अर्थ नामदेवांच्या कथेशेजारी ठेवल्याशिवाय पूर्ण होत नाही, असे प्रस्तुत अभ्यासकास वाटते.

अभ्यासाची उद्दिष्टे :

१. काळस्थगितीच्या कल्पनेचे पुराणे, नाथपंथ आणि संतचरित्रे यांतील स्वरूप तपासणे.
२. चांगदेव आख्यानाचा ऐतिहासिक आधार आणि त्यातील आख्यायिकेचा भाग वेगळा करणे.
३. या आख्यानातील नैतिक निकषांचा आजच्या वैद्यकीय आणि कायदेविषयक प्रश्नांशी असलेला संबंध स्पष्ट करणे.

गृहीतक : काळ थांबविणे शक्य आहे काय, यापेक्षा थांबविलेल्या काळाचे मोल कोण देतो आणि त्या काळाचे काय केले जाते, या प्रश्नांना मराठी परंपरेने अधिक महत्त्व दिले आहे.

अभ्यासपद्धती : प्रस्तुत निबंधासाठी ऐतिहासिक आणि तुलनात्मक पद्धतीचा अवलंब केला आहे.

पुराणकथांतील काळ आणि त्याचे मोल :

भारतीय कथापरंपरेत काळाची गती सर्वांसाठी सारखी नाही. राजा ककुद्मी आपली कन्या रेवती हिच्यासाठी वर विचारावयास ब्रह्मलोकी जातो. तेथे गायन चालू असल्याने तो थोडा वेळ थांबतो. तेवढ्यात पृथ्वीवर सत्तावीस चतुर्युगे उलटून जातात. त्याने मनात योजिलेले वर तर राहिले नाहीतच, त्यांच्या वंशजांची नावेही उरली नाहीत. भागवताच्या दशम स्कंधातील मुचकुंद देवांच्या वतीने दीर्घकाळ युद्ध करतो. युद्ध संपल्यावर त्याला कळते की आपली पत्नी, पुत्र आणि प्रजा काळाने नेली आहे. तेव्हा तो वर मागतो तो निद्रेचा. युगानुयुगे तो गुहेत झोपून राहतो. ज्याचे कोणी उरले नाही, त्याला जागे राहण्याचे प्रयोजन उरले नाही, असा या कथेचा अर्थ लावता येतो.

तिसरी कथा ययातीची. अकाली जरा प्राप्त झालेला हा राजा पुत्रांकडे तारुण्य मागतो. चार पुत्र नकार देतात, धाकटा पुरू होकार देतो. सहस्र वर्षांच्या भोगानंतर वासना भोगाने शमत नाही, असे म्हणून ययाती ते तारुण्य परत करतो. वि. स. खांडेकर यांच्या 'ययाति' (१९५९) या कादंबरीस १९७४ चा ज्ञानपीठ पुरस्कार मिळाला. मराठी वाचकाच्या मनात ही कथा आजही ताजी आहे, ती प्रामुख्याने या कादंबरीमुळे.

या तीन कथांतून तीन प्रकारचे मोल दिसते. ककुद्मीच्या बाबतीत ते न कळत द्यावे लागते. मुचकुंद ते स्वतः, आपल्या माणसांच्या रूपाने देतो. ययातीच्या बाबतीत मात्र ते दुसऱ्याने द्यावयाचे असते. पुरूने संमती दिली हे खरे. परंतु पित्याने आणि राजाने मागितलेली संमती कितपत मुक्त असते, हा प्रश्न महाभारतकारांनी वाचकासाठी सोडून दिला आहे.

नाथपंथ आणि काळवंचनेचे तंत्र :

पुराणकथांत काळाची गती देव बदलतात, किंवा वर आणि शाप बदलतात. नाथपंथात मात्र तो अधिकार मनुष्याच्या हाती येतो. हे स्थित्यंतर महत्त्वाचे आहे. काळाला थोपविणे ही आता कृपा उरत नाही. तिला साधनेचे, म्हणजेच एका तंत्राचे रूप येते. स्वात्मारामाच्या 'हठप्रदीपिके'त प्राण देहात बद्ध असेपर्यंत काळाचे भय नाही, असा आशय आहे. खेचरी मुद्रा साधलेल्या योग्याला काळ बाधत नाही, असेही त्यात म्हटले आहे. ज्ञानेश्वरीच्या सहाव्या अध्यायातील कुंडलिनीच्या वर्णनात वार्धक्य मागे फिरते आणि कृतांतही त्या देहाला भितो, असे वर्णन येते. शके १२१२ (इ. स. १२९०) मध्ये सिद्ध झालेल्या या ग्रंथाचे कर्ते स्वतः नाथपरंपरेत दीक्षित होते. तेव्हा या तंत्राची माहिती ज्ञानदेवांना नव्हती म्हणून त्यांनी ते नाकारले, असे म्हणता येत नाही.

या तंत्राविषयीचे कुतूहल आधुनिक काळातही टिकून राहिले. लाहोर येथे महाराजा रणजितसिंहांच्या काळात हरिदास नावाच्या साधूस भूमीत पुरून कित्येक दिवसांनी जिवंत बाहेर काढल्याची हकिकत ब्रिटिश अधिकारी क्लॉड वेड यांनी नोंदविली. मँचेस्टरचे शल्यचिकित्सक जेम्स ब्रेड यांनी १८५० मध्ये मानवी शीतनिद्रेविषयी पुस्तक लिहिले, त्यात या हकिकतीची चर्चा केली. ती कितपत विश्वासार्ह आहे, हा भाग अलाहिदा. योग्याची समाधी हा युरोपीय वैद्यकाच्या जिज्ञासेचा विषय झाला, ही गोष्ट इतिहासाच्या दृष्टीने लक्षणीय आहे.

चांगदेव : इतिहास आणि आख्यायिका :

चांगदेवांविषयीची स्थळे महाराष्ट्रात आजही दाखविली जातात. जळगाव जिल्ह्यात तापी आणि पूर्णा यांच्या संगमावर चांगदेव नावाचे गाव आणि प्राचीन मंदिर आहे. गोदावरीकाठी पुणतांबे येथे त्यांची समाधी दाखविली जाते. सासवड येथील देवस्थान 'चांगा वटेश्वर' या नावाने प्रसिद्ध आहे. परंपरेनुसार आयुष्याची शंभर वर्षे पुरी होत आली की चांगदेव प्राण ब्रह्मरंध्री नेऊन समाधी लावीत, काळ रिकाम्या हाताने परत जाई आणि ते पुन्हा देहावर येत. असे चौदा वेळा घडले.

तेराव्या शतकाच्या आसपास 'चांगदेव' हे नाव एकाच पुरुषाचे नव्हते, हे येथे ध्यानात घेतले पाहिजे. महानुभाव पंथाच्या पंचकृष्णांत चांगदेव राऊळ आहेत. चाळीसगावजवळील पाटण येथील शके ११२८ च्या शिलालेखात भास्कराचार्यांचा नातू चांगदेव याचा उल्लेख आहे. तो यादव राजा सिंघण याचा ज्योतिषी होता आणि भास्कराचार्यांच्या ग्रंथांच्या अध्यापनासाठी त्याने मठ स्थापिला. म्हणजे एकाच खानदेशात, अल्पशा अंतराने, काळ मोजणारा एक चांगदेव आणि काळ चुकविणारा दुसरा चांगदेव आढळतो. एकाच नावाच्या अनेक पुरुषांच्या स्मृती एकमेकींत मिसळल्याने दीर्घायुष्याची आख्यायिका बळावली असावी, असा तर्क करण्यास येथे जागा आहे.

आख्यानाचा पुढील भाग सर्वश्रुत आहे. ज्ञानदेवांची कीर्ती ऐकून चांगदेव पत्र लिहावयास बसतात. वयाने लहान म्हणून आशीर्वाद लिहावा की ज्ञानाने थोर म्हणून नमस्कार लिहावा, याचा निर्णय न झाल्याने ते कोराच कागद पाठवितात. तो पाहून मुक्ताबाई उद्गारते की चौदाशे वर्षे जगूनही हा कोराच राहिला. पुढे निवृत्तिनाथांच्या आज्ञेवरून ज्ञानदेव पासष्ट ओव्यांचे उत्तर लिहितात. वाघावर बसून, सर्पाचा चाबूक करून आलेल्या चांगदेवांसमोर निर्जीव भिंत चालते. अठराव्या शतकात महिपतींच्या 'भक्तिविजया'सारख्या (१७६२) ग्रंथांनी संतांच्या कथा घरोघरी नेल्या. प्रभात फिल्म कंपनीच्या 'संत ज्ञानेश्वर' (१९४०) या चित्रपटाने चालती भिंत पडद्यावर दाखविली.

वाघ आणि भिंत यांवर लोकमानसाचे लक्ष खिळले, त्यामुळे कोऱ्या कागदाकडे थोडे दुर्लक्ष झाले, असे वाटते. वास्तविक आख्यानाचे मर्म तेथे आहे. चांगदेवांची अडचण मायना लिहिण्याची आहे. समोरच्या माणसाशी आपले नाते कोणते, हे त्यांना ठरविता येत नाही. नाती वयाच्या क्रमाने बांधलेली असतात. जो आपल्या पिढीबरोबर म्हातारा झाला नाही, त्याला त्या क्रमात जागा उरत नाही. सर्वांहून वडील असलेला हा पुरुष कोणाचाच काका, आजोबा वा सवंगडी नाही. काळ चुकविणारा मनुष्य प्रथम नात्यांतून बाहेर पडतो, हे या कोऱ्या कागदाने सांगितले आहे.

'चांगदेव पासष्टी' या रचनेत चौदाशे वर्षांचा, वाघाचा वा भिंतीचा उल्लेख नाही. द्रष्टा, दृश्य आणि दर्शन ही त्रिपुटी मुळात एकच आहे, एवढेच ज्ञानदेव नाना दृष्टांतांनी समजावतात. पाण्याची खोली मोजावयास गेलेले मीठच उरत नाही, मग माप घ्यावयाचे कोणी, हा त्यांपैकी एक दृष्टांत. ज्ञानदेव काळवंचनेची निंदा करीत नाहीत आणि स्तुतीही करीत नाहीत. ज्या 'मी'साठी काळ थोपवावयाचा, त्या 'मी'चेच परीक्षण ते मांडतात. हे उत्तर सौम्य आहे; तरीही त्यापुढे चौदाशे वर्षांचा हिशेब गैरलागू ठरतो.

नामदेवांची कथा : कच्चे मडके आणि कोरा कागद :

नामदेवांविषयीही अशीच एक कथा आहे. संतमंडळीत गोरोबाकाकांनी थापटण्याने एकेकाची डोकी तपासली आणि नामदेवांचे मडके कच्चे ठरविले. या परीक्षेस निमित्त झाली तीही मुक्ताबाईच. दुखावलेले नामदेव पुढे औंढा नागनाथ येथे विसोबांकडे गेले. पिंडीवर पाय ठेवून पडलेल्या विसोबांनी, जेथे देव नाही तेथे माझे पाय ठेव, असे सांगून त्यांचे डोळे उघडले. विसोबांचे 'खेचर' हे नाव नाथपंथातील खेचरी मुद्रेची आठवण करून देते. ज्या मुद्रेने काळ चुकवावयाचा, तिचे नाव धारण करणाऱ्या गुरूने नामदेवांना आयुष्य वाढविण्याची विद्या दिली नाही, दृष्टी दिली. हा योगायोग असला तरी अर्थपूर्ण आहे.

कोरा कागद आणि कच्चे मडके ही दोन रूपके एकत्र वाचावयास हवीत. एक चौदाशे वर्षांचा सिद्ध, दुसरा तरुण भक्त. दोघांचेही उणेपण एका अल्पवयीन मुलीच्या निमित्ताने उघड होते. मडके नुसते ठेवून पक्के होत नाही, त्याला आव्यातून जावे लागते. पुढे चांगदेवांनी मुक्ताबाईचे शिष्यत्व पत्करले, असे परंपरा सांगते.

या दोघांच्या मध्ये ज्ञानदेव आहेत. शके १२१८ (इ. स. १२९६) मध्ये, वयाच्या एकविसाव्या वर्षी त्यांनी आळंदीस समाधी घेतली. 'समाधी' प्रकरणातील अभंगांतून नामदेवांचा जो शोक व्यक्त होतो, त्यात वियोगाचे दुःख आहे, पण ज्ञानदेवांनी आयुष्य वाढवावयास हवे होते, अशी तक्रार नाही. काळवंचना ज्यांना सर्वांत सुलभ होती असे परंपरा मानते, त्यांनी ती केली नाही. महाराष्ट्राने चौदाशे वर्षांच्या आयुष्यापेक्षा एकवीस वर्षांचे आयुष्य थोर मानले, हाच या परंपरेचा निवाडा होय. स्वतः नामदेव दीर्घायुषी ठरले. पंजाबपर्यंत त्यांनी भक्तीचा प्रसार केला आणि गुरू ग्रंथ साहिबात त्यांची एकसष्ट पदे समाविष्ट झाली. दीर्घायुष्य दोष ठरले नाही; मिळालेला काळ लोकांत खर्च झाला की लोकांपासून लपविला गेला, हा भेद निर्णायक ठरला.

आधुनिक काळातील काळस्थगिती :

विसाव्या शतकात या जुन्या कल्पनेला शास्त्रीय आधार मिळाला. आइन्स्टाइन यांच्या सापेक्षता सिद्धांतानुसार (१९०५ आणि १९१५) काळाची गती वेगावर आणि गुरुत्वाकर्षणावर अवलंबून असते. १९७१ मध्ये हाफेले आणि कीटिंग यांनी विमानांतून आण्विक घड्याळे जगाभोवती फिरवून हा फरक प्रत्यक्ष मोजला. तो नॅनोसेकंदांत होता. दिशादर्शक उपग्रहांवरील घड्याळे भूपृष्ठावरील घड्याळांपेक्षा दररोज सुमारे ३८ मायक्रोसेकंद पुढे जातात आणि त्यानुसार दुरुस्ती करावी लागते. मराठीत डॉ. जयंत नारळीकर यांनी मराठी विज्ञान परिषदेच्या १९७४ च्या स्पर्धेसाठी नारायण विनायक जगताप या टोपणनावाने 'कृष्णविवर' ही कथा पाठविली आणि ती पारितोषिकास पात्र ठरली. ज्या कृष्णविवराच्या सान्निध्यात काळ मंदावतो, त्याने अशा रीतीने मराठी कथेत प्रवेश केला. तथापि भौतिकशास्त्रातील ही काळमंदता स्वतःच्या घड्याळात एका क्षणाचीही भर घालीत नाही. ककुद्मीचा अनुभव ती देऊ शकेल, चांगदेवांचा नाही.

काळस्थगितीचा खरा व्यवहार आज प्रयोगशाळेत आणि रुग्णालयात चालतो. १९६७ मध्ये अमेरिकेत जेम्स बेडफर्ड यांचा देह भविष्यात पुनरुज्जीवन होईल या आशेने मृत्यूनंतर गोठविण्यात आला. ही आशा अद्याप आशाच आहे. गोठविलेल्या मानवी भ्रूणातून मात्र अपत्यजन्म होऊ लागले. कोलकात्याचे डॉ. सुभाष मुखोपाध्याय यांनी १९७८ मध्येच गोठविलेल्या भ्रूणाचा उपयोग केल्याचे सांगितले होते. त्यांच्या हयातीत त्यांना मान्यता मिळाली नाही. २०२१ च्या सहायक पुनरुत्पादन तंत्रज्ञान कायद्याने भ्रूण साठविण्याची मर्यादा दहा वर्षे ठरविली आहे. काळ किती थांबवावा, याचे उत्तर कायद्याने प्रथमच अंकांत दिले आहे.

याहून कठीण प्रश्न रुग्णशय्येवरचा आहे. मुंबईच्या के. ई. एम. रुग्णालयातील परिचारिका अरुणा शानबाग नोव्हेंबर १९७३ मधील हल्ल्यानंतर सुमारे बेचाळीस वर्षे त्याच रुग्णालयात पडून होत्या. १८ मे २०१५ रोजी त्यांचे निधन झाले. त्यांचा काळ थांबला होता, असे म्हणणे चूक ठरेल. देह वृद्ध होत होता. थांबले होते ते आपली इच्छा सांगण्याचे सामर्थ्य. चांगदेवांनी समाधी स्वतः निवडली होती, येथे निवड नव्हती. ७ मार्च २०११ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने त्यांच्यासाठी केलेली दयामरणाची याचिका फेटाळली. वर्षानुवर्षे शुश्रूषा करणाऱ्या रुग्णालयाच्या कर्मचाऱ्यांचे मत न्यायालयाने महत्त्वाचे मानले. त्याच निकालाने निष्क्रिय दयामरणाचा मार्ग काटेकोर अटींसह मान्य केला. ९ मार्च २०१८ रोजी घटनापीठाने सन्मानाने मरण्याचा हक्क आणि पूर्वलिखित वैद्यकीय इच्छापत्र यांस मान्यता दिली. २०२३ मध्ये त्यासंबंधीची कार्यपद्धती सुलभ केली.

हा प्रश्न महानगरापुरता नाही. सेनगाव वा वसमत तालुक्यातील एखाद्या कुटुंबावर, नांदेडच्या रुग्णालयात कृत्रिम श्वासोच्छ्वासावर असलेल्या आपल्या माणसासाठी आणखी किती दिवस थांबावयाचे, हे ठरविण्याची वेळ येते. त्या दिवसांचे मोल जमिनीच्या तुकड्यात, मुलीच्या शिक्षणात आणि उशाशी जागणाऱ्या स्त्रीच्या आयुष्यात मोजले जाते. आख्यानात चांगदेवांच्या समाधीकाळात देहाची राखण कोणी केली, याविषयी सांगणारा मौन पाळतो. के. ई. एम.च्या परिचारिकांमुळे ते मौन भंगले. थांबलेल्या प्रत्येक काळाच्या शेजारी कोणाचा तरी काळ खर्च होत असतो, हे त्यांच्या शुश्रूषेने दाखवून दिले. त्यांनी तो ओझे मानला नाही, हे त्यांचे मोठेपण. परंतु हे मोठेपण कोणावर लादता येत नाही.

निष्कर्ष :

१. काळस्थगितीची कल्पना मराठी परंपरेस परकी नाही. 'काळवंचना' या संज्ञेखाली तिचे तंत्र आणि त्याविषयीचा नैतिक विचार ही दोन्ही अंगे येथे विकसित झाली.
२. पासष्टी ही तात्त्विक रचना आणि चौदाशे वर्षांची आख्यायिका यांत भेद करणे आवश्यक आहे. आख्यायिका अनैतिहासिक असली, तरी तिच्यातील नैतिक विचार समाजेतिहासाचे साधन ठरतो.
३. ययाती, चांगदेव आणि नामदेव यांच्या कथांतून तीन निकष मिळतात : थांबविलेल्या काळाचे मोल कोण देतो, त्याने मुक्तपणे संमती दिली आहे काय आणि त्या काळात नाती टिकतात काय. आजच्या कायद्यातील संमती, इच्छापत्र आणि कालमर्यादा या तरतुदींची तपासणी याच निकषांवर करता येते.
४. केवळ आयुष्याची लांबी हे मूल्य नाही, हा संतपरंपरेचा निवाडा आहे. मात्र त्याचा आधार घेऊन दुर्बल रुग्णाची शुश्रूषा नाकारणे हा त्या निवाड्याचा विपर्यास होईल. मुक्ताबाईने चांगदेवांना कोरे म्हटले, पण दूर लोटले नाही. तिने त्यांना शिष्य म्हणून स्वीकारले.

विज्ञान उद्या काय साध्य करील, हे आज सांगता येत नाही. ते साध्य झाल्यावर विचारावयाचे प्रश्न मात्र तापीकाठच्या, आळंदीच्या आणि औंढ्याच्या कथांनी आपल्यापुढे ठेवलेले आहेत. अध्यापकांनी हे आख्यान वर्गात शिकविताना वाघ आणि भिंत यांजवळ न थांबता कोऱ्या कागदापर्यंत जावे, एवढीच या निबंधाची अपेक्षा आहे.